लढाई सांगणारे आणि लढाई ऐकणारे

गेले काही दिवस एक विषय डोक्यात घोळतोय, तो इथे मांडून मोकळा होतो. लांबण लागेल, पण विषयच तसा आहे.

प्रश्न साधा आहे. लढाईत उतरलेला माणूस म्हातारपणी पुढच्या पिढीला नेमकं काय सांगतो? आणि पुढची पिढी नेमकं काय ऐकते? माझ्या मते या दोन गोष्टींमध्ये बरंच अंतर असतं, आणि आमच्या नांदेड-लातूरकडे तर ते फारच वाढलंय.

सुरुवात जरा लांबून करतो. हल्ली ज्यू सैनिकांच्या आठवणींबद्दल वाचत होतो. ज्यू म्हटलं की आपल्या डोळ्यांसमोर हिटलरच्या छळछावण्या येतात. पण दुसऱ्या महायुद्धात एकट्या सोव्हिएत लाल सैन्यातून सुमारे पाच लाख ज्यू लढले. त्यातले हजारो जण सोव्हिएत संघ कोसळताना, १९९० च्या आसपास, इस्रायलला गेले. दर वर्षी ९ मे रोजी, म्हणजे जर्मनीवरच्या विजयाच्या दिवशी, ही म्हातारी मंडळी कोटावर पदकांच्या रांगा लावून इस्रायलच्या रस्त्यांवरून चालायची. गंमत अशी की तिथल्या तरुणांना सुरुवातीला हे कळेचना. त्यांनी शाळेत छळाची गोष्ट ऐकली होती, बंडाची ऐकली होती, पण परक्या देशाच्या गणवेशात बर्लिनपर्यंत गेलेला ज्यू आजोबा त्यांच्या गोष्टीत कुठेच बसत नव्हता. शेवटी २०१७ साली तिथल्या संसदेने कायदा करून त्या दिवसाला अधिकृत मान्यता दिली. तोवर त्या पदकवाल्यांपैकी बहुतेक जण गेले होते.

म्हणजे गोष्ट सांगणारा होता, पदकंही होती. ऐकणाऱ्याच्या मनात मात्र त्या गोष्टीसाठी कप्पा नव्हता.

तुम्ही म्हणाल, इस्रायल कुठे आणि नांदेड कुठे! पण ज्यू आपल्याला काही परके नाहीत. कोकणातले बेने इस्रायल म्हणजे आपले 'शनिवार तेली'. तेलाचा घाणा चालवायचा, शनिवारी बंद ठेवायचा, घरात मराठी बोलायची, आडनावं गावावरून: दिवेकर, पेणकर, किहीमकर. इंग्रजांच्या मुंबई फौजेत या लोकांनी पिढ्यान् पिढ्या नोकरी केली. त्यातल्या सॅम्युएल इझिकेल दिवेकर, म्हणजेच सामाजी हसाजी दिवेकर, यांची कथा प्रसिद्ध आहे. म्हैसूरच्या युद्धात ते टिपू सुलतानाच्या कैदेत सापडले. कैद्यांना जात विचारली, यांनी 'बेने इस्रायल' असं सांगितलं, आणि टिपूच्या आईने "हे तर कुराणात आलेले लोक" म्हणून त्यांचा जीव वाचवला, असं सांगतात. सुटून आल्यावर त्यांनी १७९६ साली मुंबईत पहिलं सिनेगॉग बांधलं. मशीद बंदरच्या बाजूला ते सिनेगॉग आजही आहे. या माणसाने लढाईची आठवण शब्दांत लिहून ठेवली नाही, दगड-चुन्यात बांधून ठेवली. आणि जी कथा टिकली तिच्यात पराक्रम जवळजवळ नाहीच. आहे ती कैद, भीती, आणि शत्रूच्या घरातल्या एका बाईने दाखवलेली दया. मला हे फार महत्त्वाचं वाटतं. पुढे सांगतो का ते.

स्वातंत्र्यानंतरही ही माणसं फौजेत होतीच. पुण्याच्या राष्ट्रीय संरक्षण प्रबोधिनीचे प्रमुख राहिलेले व्हाइस ॲडमिरल बेंजामिन अब्राहम सॅमसन हे बेने इस्रायली. लेफ्टनंट जनरल जे. एफ. आर. जेकब हे मात्र कोलकात्याच्या बगदादी ज्यू घराण्यातले. १९७१ च्या युद्धात पूर्व विभागाचे चीफ ऑफ स्टाफ, आणि १६ डिसेंबरच्या ढाक्यातल्या शरणागतीच्या वाटाघाटी करायला गेलेले अधिकारी. पुढे गोव्याचे आणि पंजाबचे राज्यपाल. जेकब २०१६ मध्ये गेले, पण तोवर ते १९७१ बद्दल सतत बोलत राहिले, लिहीत राहिले. त्यांच्या सांगण्यावर वादही झाले: श्रेय कोणाचं, ढाक्यावर थेट जायचं हे कोणी ठरवलं, वगैरे. मला विचाराल तर वाद झाले हे चांगलंच झालं. एक माणूस आपली बाजू मांडतो, दुसरा खोडतो, तिसरा कागद दाखवतो, आणि यातून वाचणाऱ्याला कळतं की युद्ध ही अनेकांनी अनेक जागी उभं राहून पाहिलेली गोष्ट असते.

आता आमच्याकडे या.

१९४८ सालापर्यंत नांदेड हा निजामाच्या हैदराबाद संस्थानातला जिल्हा. लातूर तेव्हा उस्मानाबाद जिल्ह्यातला तालुका. लातूर जिल्हा झाला १९८२ मध्ये. देश १५ ऑगस्ट १९४७ ला स्वतंत्र झाला, आम्ही झालो १७ सप्टेंबर १९४८ ला. मधले तेरा महिने आमच्याकडे लढाई चालू होती. स्वामी रामानंद तीर्थांच्या नेतृत्वाखालच्या स्टेट काँग्रेसचा सत्याग्रह होता, आणि सरहद्दीवरच्या कॅम्पांमधून सशस्त्र लढाही होता. समोर निजामाचे पोलीस आणि कासिम रझवीचे रझाकार. हा रझवी लातूरला वकिली करायचा, ही गोष्टसुद्धा आज लातुरात शिकवणीला येणाऱ्या हजारो पोरांपैकी फार थोड्यांना ठाऊक असेल.

नांदेड जिल्ह्याची गोष्ट सांगायची तर उमरीपासून सुरुवात करावी लागते. ३० जानेवारी १९४८ ला मुक्तिसैनिकांनी उमरीची बँक लुटली. वीस लाखांच्या आसपास रक्कम, त्या काळातली! पैनगंगेपलीकडे उमरखेडला, तेव्हाच्या मध्य प्रांतात, त्यांचा कॅम्प होता. लुटीचा हिशेब चोख ठेवला गेला आणि रक्कम लढ्याच्या कामाला गेली, ही त्या लोकांच्या अभिमानाची जागा. त्याच दिवशी संध्याकाळी दिल्लीत गांधीजींचा खून झाला. ज्यांनी गांधींचं नाव घेऊन चळवळीत पाऊल टाकलं आणि मग हातात बंदूक घेतली, त्यांच्या मनात ती बातमी ऐकून काय झालं असेल? मी या विषयावरची भाषणं भरपूर ऐकलीत. रक्कम प्रत्येकाने सांगितली. हा प्रश्न एकानेही घेतला नाही.

बिलोली तालुक्यात अर्जापूरला गोविंदराव पानसरे यांना १९४६ च्या ऑक्टोबरात मारण्यात आलं. उदगीरजवळच्या हत्तीबेटाचा आसरा घेऊन किसान दलाची पोरं रझाकारांशी लढली. आज हत्तीबेटावर लोक सहलीला जातात, फोटो काढतात. बीदरकडच्या गोरट्यात १९४८ च्या मे महिन्यात रझाकारांनी कत्तल केली. खेडोपाडी माणसं घरदार सोडून सरहद्दीपलीकडे पळाली. हे सगळं आमच्या आजी-आजोबांच्या डोळ्यांदेखत झालेलं आहे. पुस्तकंही आहेत. स्वामीजींच्या आठवणी आहेत, अनंत भालेरावांचं 'हैदराबादचा स्वातंत्र्यसंग्राम आणि मराठवाडा' आहे, नांदेडच्याच नरहर कुरुंदकरांचं लेखन आहे. विद्यापीठाला स्वामीजींचं नाव आहे, आणि त्याची स्थापनाही १७ सप्टेंबरला, १९९४ साली.

मग अडलं कुठे?

माझं मत असं आहे की आमच्याकडे या आठवणी पहिल्यांदा व्यवस्थित सांगितल्या गेल्या त्या नातवंडांना नव्हे, सरकारला. पेन्शनसाठी! स्वातंत्र्यसैनिक पेन्शन हवी तर पुरावा हवा. तुरुंगात किती दिवस होतात, भूमिगत कधी होतात, कुठल्या कॅम्पात होतात, सोबत कोण होतं, त्यांचं प्रमाणपत्र कुठंय. म्हातारी माणसं तहसीलच्या पायऱ्या झिजवत हे सांगत राहिली. त्या अर्जात भीतीला रकाना नव्हता, आणि ज्याचा हात आयत्या वेळी थरथरला त्याला तर नव्हताच. हळूहळू अर्जातली गोष्ट तीच खरी गोष्ट झाली. वर बोगस स्वातंत्र्यसैनिकांचा घोळ. शेजारच्या बीड जिल्ह्यातल्या प्रकरणाच्या चौकश्या गाजल्या. त्यामुळे झालं काय, की खरा माणूसही सांगायला लागला की ऐकणारा मनात म्हणायचा, "हं, पेन्शनवाला दिसतोय." ज्याने खरंच काही भोगलं होतं त्याच्यासाठी याहून मोठा अपमान कुठला?

दुसरी जागा म्हणजे १७ सप्टेंबरचा मांडव. सकाळी झेंडावंदन, शाळेची पोरं उन्हात रांगेत, पाहुणे उशिरा. स्वातंत्र्यसैनिकांना शाल-श्रीफळ. मग माईक हातात देऊन कानात सांगायचं, "आजोबा, दोन मिनिटं." दोन मिनिटांत माणूस काय सांगणार? तो 'जय हिंद' म्हणतो आणि बसतो. पोरांच्या लक्षात राहतं ते ऊन आणि मिळालेला बिस्किटाचा पुडा. २०२२-२३ मध्ये अमृत महोत्सव झाला. मिरवणुका निघाल्या, कमानी उभ्या राहिल्या. तोवर शाल घ्यायला फार थोडे खांदे उरले होते.

आता याच्या शेजारी किल्लारी ठेवून बघा.

३० सप्टेंबर १९९३, पहाटे चारच्या सुमारास. आदल्या रात्रीच गणपती बोळवून लोक झोपले होते. लातूर-उस्मानाबादच्या कुठल्याही चाळिशीपुढच्या माणसाला विचारा, "तुम्ही त्या रात्री कुठे होतात?" तो चहाचा कप खाली ठेवून सांगायला लागेल. भिंत कशी हलली, कुत्री कशी ओरडली, कोण अंगणात झोपलं म्हणून वाचलं, कोण पाऊस येईल म्हणून आत गेलं. त्यात रडणं आहे, लाज आहे, लुटालूट करणाऱ्यांना शिव्या आहेत, मदतीला आलेल्या परक्यांचं कौतुक आहे. हे सांगायला त्याला माईक लागत नाही. म्हणून भूकंपानंतर जन्मलेल्या पोरांनाही किल्लारी माहीत आहे, अगदी तपशिलासकट.

मग भूकंप घरोघर सांगितला जातो आणि लढा मांडवातच राहतो, असं का?

मला याचं उत्तर असं दिसतं. भूकंपात शत्रू नव्हता. जमीन हलली, दगडमातीची माळवदं कोसळली. कोणाकडे बोट दाखवायची वेळ आली नाही. लढाईत शत्रू असतो. आणि आमच्या लढाईतल्या शत्रूची नातवंडं पलीकडच्या गल्लीत राहतात. त्यांच्याकडून आपण बांगड्या भरतो, त्यांच्या गॅरेजला गाडी टाकतो, त्यांची पोरं आपल्या पोरांबरोबर नीटच्या क्लासला जातात. अशा गावात लढाईची गोष्ट सांगायची तर दोनच सोपे मार्ग उरतात: एक तर गुळगुळीत करून सांगायची, नाहीतर विष कालवून सांगायची. हल्ली दुसरा मार्ग जोरात आहे. सप्टेंबर आला की मोबाइलवर जे व्हिडिओ फिरतात त्यात मुक्तिसैनिक जवळपास नसतोच. असतो तो फक्त रझाकार, आणि शेवटी एक इशारा, की आजही सावध राहा.

इथे मला पुन्हा त्या ज्यू सैनिकांकडे जावं लागतं. १९६७ च्या सहा दिवसांच्या युद्धानंतर सारं इस्रायल विजयाने धुंद होतं. तेव्हा किबुत्झमधल्या काही तरुणांनी एक वेगळं काम केलं. युद्धावरून नुकत्याच परतलेल्या आपल्याच दोस्तांना बसवून, टेपरेकॉर्डर लावून बोलतं केलं. यात पुढे मोठा कादंबरीकार झालेला आमोस ओझही होता. पोरं बोलली. मारताना काय वाटलं, घरं सोडून निघालेल्या अरबांच्या रांगा बघून स्वतःच्या आईबापांची पळापळ कशी आठवली, हेही बोलली. त्याच वर्षी त्याचं पुस्तक निघालं, 'शीअख लोखामिम' म्हणजे लढणाऱ्यांचं बोलणं. त्यातलं बरंच कापलं गेलं होतं. मग २०१५ मध्ये त्या मूळ टेपांवर एक माहितीपट आला, आणि सत्तरीतली ती माणसं आपलाच पंचविशीतला आवाज ऐकत बसलेली जगाने पाहिली.

त्या देशात आज काय चाललंय यावर ज्याची त्याची मतं आहेत, मलाही आहेत, तो इथला विषय नाही. मला त्या टेपांमधलं एक पटलं. जिंकलेल्या बाजूच्या सैनिकाने, विजय ताजा असताना, विजयाची दुसरी बाजू आपल्याच लोकांना सांगितली. तेवढ्याने तो देशद्रोही झाला नाही. लढाई आवश्यक होती असं मानणारेही त्यात होतेच.

आमच्या विजयालाही दुसरी बाजू आहे, आणि ती मांडवात कोणी काढत नाही. १३ सप्टेंबर १९४८ ला भारतीय फौजा संस्थानात शिरल्या, १७ ला निजाम शरण आला. याला आपण 'पोलीस ॲक्शन' म्हणतो. त्यानंतरच्या दिवसांत मराठवाड्यात मुसलमानांच्या कत्तली झाल्या. नेहरूंच्या सरकारने पंडित सुंदरलाल आणि काझी अब्दुल गफ्फार यांना पाहणीला पाठवलं. त्यांचा अहवाल अनेक दशकं दाबून ठेवलेला होता. २०१३ च्या सुमारास तो लोकांना वाचायला मिळाला. संपूर्ण संस्थानात किमान २७ ते ४० हजार माणसं मेली असा त्यांचा अंदाज. सर्वात जास्त झळ पोचलेले चार जिल्हे त्यांनी सांगितले: उस्मानाबाद, गुलबर्गा, बीदर आणि नांदेड. लातूर शहराचा उल्लेख तर वेगळा आहे. तिथे कत्तल वीसहून जास्त दिवस चालली, असं ते लिहितात. आकड्यांबद्दल अभ्यासकांत मतभेद आहेत, असू देत. पण घडलं हे नक्की.

आणि त्याच अहवालात आणखी एक गोष्ट आहे. जिवावर उदार होऊन मुसलमान शेजाऱ्यांना वाचवणाऱ्या हिंदूंचीही नोंद त्यात आहे. उलट बाजूने पाहायचं तर हैदराबादचा तरुण संपादक शोएबुल्ला खान भारतात विलीन व्हा असं लिहितो म्हणून रझाकारांनीच १९४८ च्या ऑगस्टमध्ये त्याला ठार मारलं. म्हणजे खरी गोष्ट सांगितली तर ती विष कालवणाऱ्यांच्या उपयोगाची राहत नाही. अर्धी सांगितली तरच राहते.

माझ्या आजोळी, उदगीरकडच्या खेड्यात, एक म्हातारे होते. गाव त्यांना तात्या म्हणायचं. सरहद्दीवरच्या कॅम्पात राहून आलेले. १७ सप्टेंबरला धोतर-टोपी घालून पहिल्या खुर्चीत बसायचे. भाषणात नेहमी तीच चार वाक्यं. पण संध्याकाळी ओट्यावर आम्ही पोरं घेरून बसलो की निराळंच सांगायचे. "लेकरांनो, रझाकाराचं भ्या वाटायचं त्याच्याहून जास्त कुत्र्याचं. रातच्याला गावाजवळून चाललो अन् कुत्रं भुकलं, की जीव खाली-वर." कॅम्पात सगळ्यांना खरूज झाली होती, हेही ते हसून सांगायचे. आम्हाला त्या खरजेमुळेच पटायचं की हा माणूस खरोखर तिथे होता.

पोलीस ॲक्शननंतरचं मात्र त्यांनी कधी सांगितलं नाही. ते त्यांच्या बायकोने सांगितलं, तात्या गेल्यावर. गल्लीतल्या मणियाराचं कुटुंब त्यांनी आपल्या घरातल्या बळदात चार दिवस लपवलं होतं. धान्याच्या त्या अंधाऱ्या जागेत दोन बाया आणि लेकरं. बाहेर जे हत्यारं घेऊन हिंडत होते त्यातले काही तात्यांच्याच ओळखीचे. आजी म्हणाल्या, "ह्येनी दारात बसले होते, बंदूक मांडीवर घेऊन. आपल्याच माणसायवर." तात्यांच्या आयुष्यातला सर्वात मोठा पराक्रम हाच असेल. पण तो पेन्शनच्या अर्जात बसत नव्हता, मांडवातही बसत नव्हता. म्हणून तो चुलीपाशी राहिला.

म्हणूनच मघाशी दिवेकरांच्या कथेतली ती बाई मला महत्त्वाची वाटली. दोनशे वर्षं एका समाजाने शत्रूच्या आईची दया आठवणीत जपली, त्यामुळे त्यांचा सैनिक लहान झाला नाही. मग आमच्या तात्यांनी दारात बसून मणियाराचं घर राखलं हे सांगितलं तर आमचा मुक्तिसंग्राम का लहान व्हावा?

यावर लोक म्हणतात, "कशाला जुन्या जखमा उकरायच्या? पोरांना अभ्यास आहे, करिअर आहे." मला हा आक्षेप थोडाफार समजतो. ज्यांच्या घरातली माणसं गेली त्यांनाही कधी कधी गप्पच राहायचं असतं, आणि तो त्यांचा हक्क आहे. कोणाला जबरदस्तीने बोलतं करू नये. पण आपण गप्प बसलो म्हणून विषय गप्प बसत नाही. पोराला घरात ऐकायला मिळालं नाही तर तो मोबाइलवर ऐकतो, आणि तिथे सांगणाऱ्याने ना कुत्र्याचं भुंकणं ऐकलेलं असतं ना बळद पाहिलेलं असतं.

दुसरा आक्षेप असा, की म्हाताऱ्यांच्या आठवणी भरवशाच्या नसतात. खरंय. तारखा चुकतात, दोन लढाया एक होतात, स्वतःचा भाग जरा मोठा होतो. पण आठवणीचं काम निराळं आणि कागदाचं निराळं. उमरीत रक्कम किती, हे कागद सांगेल. पोतं खांद्यावर घेऊन रात्रभर चालताना कोणाच्या डोक्यात काय चालू होतं, हे कागद सांगणार नाही. दोन्ही शेजारी ठेवून वाचायला शिकवणं हेच तर इतिहासाच्या तासाला करायचं असतं.

आता हिशेब करू. १९४८ मध्ये जो अठरा वर्षांचा होता तो आज पंचाण्णवच्या पुढे आहे. म्हणजे लढ्यातली माणसं प्रत्यक्ष भेटण्याची वेळ जवळपास संपली. पण त्यांच्या बायका, धाकटी भावंडं, लेकी अजून काही घरांत आहेत. त्यांना आजवर कोणी माईक दिलेला नाही, म्हणून त्यांचं सांगणं पाठ झालेलं नाही. कॅम्पातल्यांना भाकरी कोणी पोचवल्या, नवरा भूमिगत असताना पोलीस दारात आले तेव्हा काय झालं, हे त्याच सांगू शकतात.

आणि लढाया १९४८ ला संपल्या नाहीत. आमच्या दोन्ही जिल्ह्यांतल्या गावागावांत माजी सैनिक आहेत. कोणी मराठा लाइट इन्फंट्रीत होता, कोणी महार रेजिमेंटमध्ये. १९७१ पाहिलेले आता पंचाहत्तरीच्या आसपास आहेत. कारगिलवाले, म्हणजे १९९९ चे, पन्नाशीत किंवा त्याच्या पुढे आहेत. बँकेत सुरक्षारक्षक म्हणून जो मिशीवाला माणूस दार उघडतो, त्याने काय पाहिलंय हे आपण कधी विचारलंय? त्याला २६ जानेवारीला शाळेत बोलावतात आणि "मुलांना प्रेरणा मिळेल असं काहीतरी सांगा" म्हणतात. म्हणजे काय सांगायचं नाही, हे आधीच ठरलेलं. उमरीच्या वेळचं जे झालं तेच त्याचंही होणार, आणि यावेळी उशीर झाला अशी सबबही आपल्याकडे नाही.

माझं म्हणणं इतकंच, की शाळांनी, निदान काही शिक्षकांनी, मांडवाऐवजी ओटा धरावा. पाच-सात पोरं, एक म्हातारा किंवा म्हातारी, आणि भरपूर वेळ. फोन प्रत्येकाकडे आहे, आवाज टिपायला पैसा लागत नाही. प्रश्न साधे ठेवावेत. खायला काय होतं? झोपायचात कुठे? सर्वात जास्त भीती कधी वाटली? सोबतचा कोण परत आला नाही? समोरच्या बाजूचं कोणी ओळखीचं होतं का? आणि शेवटचा: असं काही आहे का जे तुम्हाला आजवर कोणी विचारलंच नाही? मग गप्प बसावं. सांगणारा थांबला तर थांबू द्यावं, डोळे पुसले तर पुसू द्यावेत. 'शूरवीर' वगैरे शब्द पोरांनी वापरूच नयेत. ऐकल्यावर त्यांना जे वाटायचं ते वाटेल.

आणि जमलं तर त्या पाच-सात पोरांत मणियाराच्या घरातलंही एखादं असावं. त्याच्याही घरात एक आजी असेल, जिने तेच दिवस बळदाच्या आतून पाहिले असतील. दोन्ही पोरांनी दोन्ही आज्यांचं ऐकावं. पटलं तर पटलं, नाही तर वाद घालावा. जनरल जेकबांशी वाद घातलेला चालतो, तर आमच्या आज्यांशी का नको?

असो. पुढच्या १७ सप्टेंबरला शाल-श्रीफळाचा खर्च होणारच आहे. त्याच्या आधी ऑगस्टमध्ये कधीतरी तुमच्या गल्लीत कोण नव्वदीच्या घरात आहे ते बघून ठेवा. दुपारी जाऊ नका, झोपलेली असतात. संध्याकाळी जा, दिवाबत्तीच्या आधी.